जखमींची यादी

वऱ्हाडच्या इतिहासात इ. स. १८०३ ची अखेर मोठी धामधुमीची गेली. २९ नोव्हेंबरला आजच्या अकोला जिल्ह्यातील अडगावच्या मैदानावर नागपूरकर भोसल्यांच्या फौजेचा मोड झाला. १५ डिसेंबरला गाविलगड पडला. १७ तारखेला देवगावचा तह होऊन रघूजी भोसल्यांनी वर्धा नदीच्या पश्चिमेकडील मुलुखावर पाणी सोडले, आणि ३० तारखेला शिंद्यांनी सुर्जी-अंजनगाव येथे तहावर शिक्कामोर्तब केले. सुमारे एका महिन्यात, अकोला आणि अमरावती या दोन जिल्ह्यांच्या भूमीवर, मराठी राज्याच्या दोन मोठ्या खांबांना तडे गेले. शाळेत आपण हे सारे शिकलो आहोत.

या महिन्यात एक दिवस मात्र असा आहे की ज्याची कोणी आठवण काढीत नाही. तो दिवस ६ डिसेंबरचा. आर्थर वेलस्ली हा पुढे वेलिंग्टन म्हणून गाजलेला सेनापती ५ डिसेंबरला अचलपुरास येऊन पोहोचला होता. गाविलगड तेथून हाकेच्या अंतरावर. पराभूत फौज गडावर चढून बसलेली, आणि तिला सावरावयास वेळ मिळू नये ही त्याची घाई. असे असूनही त्याने ६ तारखेचा दिवस अचलपुरात काढला. गव्हर्नर-जनरलला धाडलेल्या खलित्यात त्याने त्याचे कारण एका ओळीत सांगून टाकले आहे. अडगावच्या लढाईत जखमी झालेल्या लोकांसाठी इस्पितळ उभारावयाचे होते.

तोफा नाहीत, हल्ला नाही, तह नाही. केवळ इस्पितळासाठी एक मुक्काम. या मुक्कामाचा अर्थ काय, एवढेच मला येथे पाहावयाचे आहे. त्या एका दिवसात पुढच्या दीडशे वर्षांच्या वऱ्हाडच्या, आणि काही अंशी साऱ्या देशाच्या, इतिहासाची चुणूक दिसते असे मला वाटते.

अडगावच्या लढाईपूर्वी दोन महिने, २३ सप्टेंबरला, असईची लढाई झाली होती. कंपनीच्या बाजूची तिची मोजदाद उपलब्ध आहे. ठार ४२८, जखमी १,१३८, बेपत्ता १८. त्या वेळच्या त्या लहानशा फौजेचा हा फार मोठा हिस्सा होता. कर्नल स्टीव्हन्सनची ताजी फौज दुसऱ्याच दिवशी, २४ तारखेला, येऊन मिळाली. पळणाऱ्या शत्रूचा पाठलाग करावयाचा तर तोच क्षण होता. पण स्टीव्हन्सन निघाला २६ ला. त्याच्या पलटणींबरोबरच्या शस्त्रवैद्यांचे हात असईच्या जखमींसाठी हवे होते म्हणून तो थांबला. जिंकलेल्या लढाईचे फळ पदरात पाडून घेण्याचे दोन दिवस जखमींवर खर्च झाले.

आणि एवढ्याने भागले नाही. या जखमींना ठेवावयाचे कोठे? वेलस्लीच्या मनात दौलताबादचा किल्ला होता. निजाम कंपनीचा दोस्त. पण त्याच्या किल्लेदाराने जखमींना आत घेण्याचे साफ नाकारले. शेवटी अजिंठ्यास इस्पितळ घालावे लागले. दोस्ती तहनाम्यावर असते, पण रक्ताने भिजलेल्या हजार माणसांसाठी दरवाजा उघडावयाची वेळ आली म्हणजे तिची परीक्षा होते. अडगावनंतर वेलस्लीने हे काम स्वतः उभे राहून पुरे करून घेतले, यात नवल नाही.

अडगावास कंपनीच्या बाजूचे ठार, जखमी व बेपत्ता मिळून साडेतीनशेच्या आसपास माणूस कामी आले. त्यात जखमीच फार. अडगावापासून अचलपूर सुमारे चाळीस मैल. ना सडक, ना पूल. पूर्णेच्या खोऱ्यातील काळी भुसभुशीत जमीन. एवढ्या जखमींना तेथवर आणावयाचे साधन म्हणजे डोली आणि बैलगाडी. ज्याचे हाड मोडले आहे त्याला गाडीचा प्रत्येक धक्का म्हणजे नवी जखम. म्हणून डोली बरी. पण एका डोलीला चार भोई लागतात, आणि पल्ला लांबचा असला की खांदेपालटाला आणखी दोन. म्हणजे शंभर जखमी उचलावयाचे तर सहाशे भोई हवेत! वाचकांनी हा हिशेब जरा मनाशी करून पाहावा. सैन्याचे वैद्यकीय खाते म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे डॉक्टर, सुरी आणि औषधाची पेटी येते. प्रत्यक्षात ते खाते माणसांच्या खांद्यांवर उभे होते. विलायतेतील एका पार्लमेंट-सभासदाची एक दंतकथा जुन्या अँग्लो-इंडियन मंडळींत सांगत असत. हिंदुस्थानातील लढाईनंतर जखमींना ‘डोल्यां’नी नेले असे त्याने वाचले, आणि डोंगरातून उतरून जखमींना पळविणाऱ्या त्या क्रूर डोली जमातीवर त्याने भर सभेत आग पाखडली! कथा खरी असो वा खोटी, तिच्यातील अज्ञान मात्र खरे आहे. डोली वाहणारा माणूस कोण, हे त्या खात्याच्या कागदांतही फारसे सापडत नाही.

आता सहज प्रश्न येतो, की आपल्या बाजूचे काय?

अडगाव-शिरसोलीच्या रानात भोसल्यांचा भाऊ मन्याबापू फौज घेऊन उभा होता. शिंद्यांची घोडदळेही होती. इराणी म्हणून ज्यांचा उल्लेख येतो असे एक पथक गोऱ्या पलटणींवर चालून गेले आणि तेथेच कापले गेले. दिवस मावळल्यावर चांदण्यात घोडेस्वारांनी मैलोगणती पाठलाग केला. अडतीस तोफा गेल्या. तोफांचा आकडा आहे, माणसांचा नाही. आमचे किती मेले याविषयी शत्रूच्या लेखणीतून ‘पुष्कळ’ एवढेच कळते. किती जखमी झाले, ते कोठे गेले, कोणाच्या ओसरीवर तळमळले, हे सांगणारा एकही कागद नाही.

याचा अर्थ आपल्याकडे शस्त्रवैद्य नव्हते असा कोणी करील तर ती चूक होईल. त्या आधी थोडीच वर्षे पुण्याजवळ घडलेली एक गोष्ट जगभर गाजली होती. कावसजी नावाचा एक मराठा गाडीवान, इंग्रजांच्या फौजेबरोबर टिपूवरील स्वारीत बैल हाकण्यासाठी गेलेला, टिपूच्या हाती सापडला. टिपूने त्याचे नाक कापले. पुढे पुण्याकडच्या एका कुंभाराने कपाळाची कातडी उतरवून त्याला नवे नाक बसविले. दोन इंग्रज शस्त्रवैद्य ते डोळ्यांनी पाहत होते. १७९४ च्या ऑक्टोबरात लंडनच्या एका मासिकात ही हकीकत चित्रासह छापून आली. ती वाचून जोसेफ कार्प्यू याने वीस वर्षे विचार केला आणि १८१४ मध्ये विलायतेत तशी शस्त्रक्रिया करून दाखविली. ज्या विद्येला आज प्लॅस्टिक सर्जरी म्हणतात तिचा धडा युरोपने आमच्या एका कुंभाराच्या हातून घेतला.

म्हणजे हात होता, विद्या होती, धैर्यही होते. नव्हते ते खाते. जर्राह होते, वैद्य होते, हकीम होते. पण ते सरदाराच्या पदरी असत, किंवा गावात असत. सैन्य हे शिपायाच्या जखमेला जबाबदार आहे, ही कल्पनाच रुजलेली नव्हती. शिपाई जखमी झाला की तो सैन्यातून वजा होई. त्याचे पुढे काय होईल ते त्याचे नशीब, त्याचा भाऊबंद आणि वाटेवरचे गाव. खरे म्हणजे ही केवळ आमचीच उणीव नव्हती. युरोपातही सॉल्फेरिनोच्या रणांगणावर १८५९ मध्ये हजारो जखमी पाण्यावाचून तडफडत पडले तेव्हा आंरी द्यूनां याला रेड क्रॉसची कल्पना सुचली. पण कंपनीने बंगालमध्ये १७६४ मध्येच आपल्या शस्त्रवैद्यांचे कायमचे खाते बांधले होते, आणि मद्रास व मुंबईकडेही ते पसरले होते. तिला दयेची उबळ आली होती असे नव्हे. सहा महिन्यांच्या समुद्रप्रवासाने आणलेला गोरा शिपाई आणि पगार देऊन कवाईत शिकविलेला देशी शिपाई हा तिच्या लेखी भांडवल होता, आणि व्यापारी आपले भांडवल मोजून ठेवतो.

मोजून ठेवतो, हा शब्द मी मुद्दाम वापरला. माझ्या मते सैन्याच्या वैद्यकीय खात्याचा उगम औषधात नाही, यादीत आहे. संध्याकाळी हजेरी घेऊन ‘इतके उभे, इतके पडले, इतके दिसत नाहीत’ असे लिहिणारा कारकून आधी येतो. शस्त्रवैद्य त्याच्या मागून. ज्याचे नाव यादीत आहे त्याच्यासाठी डोली निघते. ज्याचे नाव यादीत नाही त्याच्यासाठी कोणी निघत नाही.

पण याच न्यायाने त्या खात्याच्या दयेची सीमाही आपल्याला कळते. ६ डिसेंबरला आपल्या जखमींसाठी जी फौज थांबली, तिनेच नऊ दिवसांनी गाविलगडावर काय केले? तटाला खिंडार पडल्यावर गडात कत्तल झाली. किल्लेदार बेनीसिंग व त्याचे रजपूत साथीदार शेवटपर्यंत लढून दरवाज्याशी पडले. त्या गडावरच्या जखमींसाठी अचलपुरात खाट नव्हती. तेच शस्त्रवैद्य, तीच सुरी. पण यादीच्या बाहेरचा माणूस हा त्यांच्या लेखी माणूस नव्हे, शत्रू होता. वैद्यकीला जेव्हा गणवेष चढतो तेव्हा तिच्यात ही फूट पडते. जिनिव्हाचा करार व्हावयास १८६४ साल उजाडावे लागले. शत्रूचा जखमीही जखमीच, हे राष्ट्रांनी कागदावर मान्य केले ते तेव्हा.

असो. वऱ्हाडचा आणि या खात्याचा संबंध त्या मुक्कामाने संपला नाही. अचलपुराशेजारी परतवाड्यास पुढे निजामाच्या नावाने पण इंग्रजांच्या हुकमतीत चालणाऱ्या फौजेची छावणी पडली. हीच ती हैदराबाद कंटिंजंट. या फौजेचा खर्च निजामाकडून वसूल होईना, तेव्हा १८५३ मध्ये डलहौसीने तह करून वऱ्हाडचा मुलूखच त्या खर्चासाठी लावून घेतला. रायचूर दुआब आणि धाराशिव १८६० मध्ये निजामाला परत गेले, वऱ्हाड राहिले. १९०२ मध्ये कर्झनने पंचवीस लाख रुपये वार्षिक खंडावर वऱ्हाडचा कायमचा पट्टा करून घेतला, आणि पुढच्याच वर्षी ती फौज हिंदी लष्करात विलीन होऊन तिच्यातील एक पलटण ९६ वी बेरार इन्फन्ट्री म्हणून ओळखली जाऊ लागली. म्हणजे पन्नास वर्षे अमरावती-अकोल्याच्या शेतकऱ्याने कापूस व ज्वारी विकून जो सारा भरला, त्यातून त्या फौजेच्या घोड्यांचा चारा, बंदुकांची दारू आणि तिच्या सर्जनांचा पगारही निघाला. हैदराबादच्या फौजेचे इस्पितळ हे वऱ्हाडच्या शेतकऱ्याच्या पैशाने चालले होते. त्याला स्वतःला मात्र त्यात प्रवेश नव्हता.

त्याला इस्पितळ मिळाले तेही सैन्याच्याच आडवाटेने. इंडियन मेडिकल सर्व्हिस हे मुळात लष्करी खाते. युद्ध नसेल तेव्हा त्यातील अधिकारी मुलकी कामावर उसने दिले जात. जिल्ह्याचा ‘सिव्हिल सर्जन’ या पदावर अशी माणसे येत, आणि युद्ध पेटले की त्यांना परत बोलावून घेत. अमरावतीचे लोक अजून ‘इर्विन’ आणि ‘डफरीन’ म्हणतात, अकोल्याचे ‘लेडी हार्डिंग’ म्हणतात. त्या भिंतींमागची शिस्त, रोग्याची खाट, तिच्याशी टांगलेला तक्ता, सकाळची फेरी, हे सारे छावणीतून आलेले आहे. यादी येथेही आली. फक्त शिपायाच्या जागी रोगी आला.

आपल्या भाषेवरही या खात्याचे एक ऋण आहे. लष्कराला हाताखाली देशी वैद्यसाहाय्यक हवे होते. म्हणून १८२६ मध्ये मुंबईस एक वैद्यशाळा निघाली, आणि जॉन मॅक्लेनन या सर्जनने मुलांना शिकविण्यासाठी पाश्चात्त्य वैद्यकाची पुस्तके मराठीत उतरविण्याचा उद्योग आरंभिला. १८३२ मध्ये ती शाळा बंद झाली. पण शरीररचना मराठीतून सांगता येते, हे सहा वर्षे का होईना, सिद्ध झाले. विद्येची भाषा इंग्रजीच असली पाहिजे असा आग्रह धरणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे. पुढे याच खात्यात लेफ्टनंट कर्नलच्या हुद्द्यावर चढलेले डॉक्टर कान्होबा रणछोडदास कीर्तिकर हे हिंदी वनौषधींच्या त्या प्रचंड ग्रंथाचे एक कर्ते, आणि १९०९ मध्ये बडोद्यास भरलेल्या मराठी साहित्यसंमेलनाचे अध्यक्ष. लष्करी डॉक्टर साहित्यसंमेलनाचा अध्यक्ष होतो, हा योग आपल्या वाङ्मयाच्या इतिहासात पुन्हा क्वचितच सापडेल.

यादी एकदा नीट ठेवू लागले की तीच यादी सत्य बोलू लागते, मग ते राज्यकर्त्यांना आवडो वा न आवडो. हिंदुस्थानातील गोऱ्या फौजेच्या आरोग्याची चौकशी करणाऱ्या रॉयल कमिशनने १८६३ मध्ये सांगितले, की दर हजार शिपायांत वर्षाला ६९ मरतात, आणि ते तलवारीने नव्हे तर ताप, हगवण व पटकीने. छावणीचे पाणी, गटारे, बराकी यांकडे सरकारचे डोळे वळले ते या आकड्याने. १८९७ च्या २० ऑगस्टला सिकंदराबादेस रोनाल्ड रॉस या आय. एम. एस. अधिकाऱ्याला डासाच्या पोटात हिवतापाचा जंतू दिसला. त्याला १९०२ चे नोबेल पारितोषिक मिळाले. गाविलगडाच्या मागचा मेळघाट हिवतापाने किती पोखरला होता हे ज्यांना ठाऊक आहे, त्यांना शिपायांसाठी लागलेला हा शोध कोरकूंच्या पाड्यापर्यंत कसा पोहोचला हे निराळे सांगावयास नको.

मात्र यादी खोटीही लिहिता येते. पहिल्या महायुद्धात, १९१५ च्या नोव्हेंबरातच, मेसोपोटेमियात टेसिफोनची लढाई झाली. लढणारी फौज होती सहावी डिव्हिजन, म्हणजेच पूना डिव्हिजन; मराठा पलटणीही तीत होत्या. साडेचार हजारांच्या आसपास माणूस पडले. अडगावानंतर एकशे बारा वर्षे लोटली होती. तरीही जखमींना नदीपर्यंत आणावयास कमानी नसलेल्या खेचरगाड्याच होत्या. तेथून त्यांना उघड्या बोटींवर घालून दिवसांमागून दिवस बसऱ्याकडे नेण्यात आले. मेजर कार्टर हा आय. एम. एस. डॉक्टर बसऱ्याच्या धक्क्यावर उभा होता. येणाऱ्या बोटीच्या कडेने दोरखंड लोंबत आहेत असे त्याला वाटले. जवळ येताच ती हगवणीने पछाडलेल्या, जागचे हलू न शकणाऱ्या माणसांची वाळलेली विष्ठा आहे हे कळले. वर तार गेली होती ती मात्र वैद्यकीय व्यवस्था उत्तम पार पडली अशा मजकुराची! कार्टरने खरे ते लिहिले, तेव्हा वरिष्ठांनी त्यालाच धमकावले. पण १९१७ च्या चौकशी-अहवालात त्याची साक्ष आली, आणि भारतमंत्री ऑस्टेन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. वेलस्लीने लढाईचे दोन दिवस जखमींवर खर्च केले. टाउनशेंडच्या वेळच्या सरकारने जखमींवर रुपये वाचविले. एकाच खात्याची ही दोन रूपे. फरक पडला तो एवढाच, की एकाच्या कागदावर जखमी माणूस होता, दुसऱ्याच्या कागदावर केवळ अडचण.

१९४३ च्या ३ एप्रिलला निरनिराळी वैद्यकीय खाती एकत्र करून हिंदी लष्कराचे एकच वैद्यकदल उभारले गेले. स्वातंत्र्याबरोबर आय. एम. एस. ची समाप्ती झाली. १९४८ मध्ये पुण्यास सशस्त्र दलांचे वैद्यकीय महाविद्यालय निघाले, आणि प्रजासत्ताकाबरोबर आर्मी मेडिकल कोअर हे नाव कायम झाले. त्याचे ब्रीद आहे ‘सर्वे सन्तु निरामयाः’. कंपनीच्या खात्याला हे ब्रीद घेता आले नसते. ‘सर्वे’ हा शब्द तिच्या यादीत बसत नव्हता. याच खात्यात लेफ्टनंट जनरलच्या हुद्द्यापर्यंत पोहोचलेल्या बालरोगतज्ज्ञ डॉक्टर माधुरी कानिटकर यांची २०२१ मध्ये नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाच्या कुलगुरुपदी नेमणूक झाली. अकोल्याचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय या विद्यापीठाशी संलग्न आहे. शेतकऱ्याच्या साऱ्यावर चालणारी छावणी, आणि शेतकऱ्याच्या लेकीला डॉक्टर करणारी विद्यापीठाची पाटी, या दोहोंमधील अंतर मोजावयाचे असेल तर ते १८०३ पासूनच मोजावे लागते.

अडगावच्या रानात आज कापूस उभा असतो. दिवाळीत वेचणीची घाई असते. लढाईही दिवाळीनंतर लौकरच झाली; तेव्हाही शेतात उभे पीक असेल, आणि ते तुडवून दोन फौजा भिडल्या असतील. त्या फौजांपैकी एकीच्या जखमींचा आकडा आपण सांगू शकतो, त्यांना कोठे नेले ते सांगू शकतो, त्यांच्यासाठी सेनापती किती दिवस थांबला तेही सांगू शकतो. दुसरी फौज आपली होती. तिच्या माणसांविषयी आपल्याला काही सांगता येत नाही.

आपण त्या लढाईत तोफा गमावल्या, मुलूख गमावला, याची खंत इतिहासकार करतात, आणि ती रास्तच आहे. पण तोफा पुन्हा ओतता येतात, मुलूखही परत येतो; वऱ्हाड परत आलेच. ज्या माणसांची आपण नोंदच ठेवली नाही ती मात्र कायमची गेली. राज्य आपले आहे की नाही हे शिपायाला विजयाच्या दिवशी कळत नाही. तो पडतो, रात्र होते, आणि कोणी तरी कंदील घेऊन त्याचे नाव विचारीत येते की नाही, यावर ते कळते.